पाच मिनिटांचे गाणे आणि सतरा वर्षे

रशियात ३१ डिसेंबरची रात्र म्हणजे आपल्याकडची लक्ष्मीपूजनाची संध्याकाळ म्हणा ना! घरोघर आप्तमित्र जमतात, टेबलावर खाण्याचे पदार्थ मांडले जातात, कोपऱ्यात शृंगारलेले झाड उभे राहते आणि एकीकडे दूरचित्रवाणीचा संच चालू असतो. या संचावर नव्या वर्षाच्या सुमारास एक जुना चित्रपट वर्षानुवर्षे दाखवला जात आला. ‘कार्निव्हलची रात्र’ हे त्याचे नाव, साल १९५६. त्यात एक तरुण मुलगी रंगमंचावर येते. अंगात काळा घेरदार झगा, ओठांवर हसू आणि आपल्या शाहिरांनी जिला ‘सिंहकटी’ म्हणून गौरवले असते अशी बारीक कमर! जुने वर्ष सरायला पाच मिनिटे उरली आहेत, एवढाच तिच्या गाण्याचा विषय. पण ते ‘पाच मिनिटे’ नावाचे गाणे रशियन माणसाच्या मनात असे काही रुजले, की त्याच्यावाचून नवे वर्ष लागल्यासारखे वाटेना.

त्या मुलीचे नाव ल्युद्मिला गुर्चेन्को. घरची माणसे तिला ल्यूस्या म्हणत.

वाचकहो, मी इतिहासाचा अध्यापक. राजे, तह, लढाया आणि क्रांत्या हा माझा रोजचा धंदा. तेव्हा याने हे नटीचे चरित्र कशाला काढले, असे आपल्या मनात येईल. त्याला कारण आहे. आमच्या कॉलेजात सोव्हिएत रशियाचा इतिहास शिकवताना स्टालिन आला, क्रुश्चेव्ह आला, ब्रेझनेव्ह आला, की मुले सनावळी पाठ करतात आणि विसरतात. एका वर्षी मी त्यांना हा चित्रपट दाखवला आणि मग या नटीची हकीकत सांगितली. ती ऐकून मागच्या बाकावरच्या एका विद्यार्थिनीने मला एक प्रश्न विचारला. त्याचे उत्तर मला त्या तासाला नीट देता आले नाही. तो प्रश्न काय होता ते पुढे सांगेन. आधी हकीकत ऐका.

ल्युद्मिलाचा जन्म १२ नोव्हेंबर १९३५ रोजी खारकोव येथे झाला. हे शहर आज युक्रेनमध्ये आहे. तेव्हा ते सोव्हिएत संघात होते. वडील मार्क गाव्रिलोविच हे स्मोलेन्स्क भागातल्या शेतकरी कुळातले. बायान नावाची, बोटांखाली बटणे असलेली मोठी थोरली पेटी असते, ती ते वाजवीत. आपल्या हार्मोनियमची ही चुलत बहीणच, फक्त गळ्यात अडकवून वाजवायची. आई मात्र खानदानी घराण्यातली. जमीनदारांची घराणी धुळीला मिळालेल्या त्या काळात कुणब्याच्या पेटीवाल्या मुलाशी तिने लग्न केले. तळघरातल्या एका खोलीत यांचा संसार. दोघेही गाण्याबजावण्याच्या कार्यक्रमांत काम करीत. पाहुणे आले की वडील पेटी काढीत आणि पोरीला मधोमध उभी करीत. आपली लेक नटी होणार, हे त्या माणसाने ती पाळण्यात असतानाच ठरवून टाकले होते!

ल्यूस्या साडेपाच वर्षांची असताना, २२ जून १९४१ रोजी, जर्मन फौजा रशियात घुसल्या. सैन्यात सक्तीने नेण्याचे वडिलांचे वय उलटून गेले होते. तरी ते आपण होऊन गेले, तेही पेटी घेऊनच. ऑक्टोबर १९४१ मध्ये खारकोव जर्मनांच्या हाती पडले. आई आणि लेक मागे राहिल्या.

त्या दोन वर्षांचे वर्णन तिने पुढे स्वतःच लिहून ठेवले आहे. थंडी, भूक, शेजाऱ्यांचे मरण, आणि सर्वांना दिसावे म्हणून भर बाजारात दिलेल्या फाशा! लहान मुलांनी डोळे मिटावेत तर लोकांना बळजबरीने उभे केलेले. अन्नाची ददात इतकी, की ही चिमुरडी पोर जर्मन शिपायांच्या मुदपाकखान्यापाशी जाऊन गाणी म्हणे, नाचे, आणि उरलेसुरले डब्यात घेऊन घरी येई. वाचकहो, तिच्या आयुष्यातला हा पहिला ‘कार्यक्रम’ आणि ही पहिली बिदागी. गाण्याचे पैसे घेण्यावरून पुढे हिच्यावर काय काय आरोप झाले ते ऐकाल तेव्हा या डब्याची आठवण ठेवा.

फेब्रुवारी १९४३ मध्ये खारकोव सुटले. महिन्याभरात जर्मनांनी ते परत घेतले. अखेर २३ ऑगस्ट १९४३ रोजी ते कायमचे मुक्त झाले आणि लगेच सप्टेंबरात ल्यूस्या शाळेत जाऊ लागली. वडील १९४५ साली परतले. युद्धानंतर जर्मनीतून जप्त करून आणलेले चित्रपट रशियन थिएटरांत लागत. त्यांतल्या एकात मारिका र्योक ही नटी नाचत-गात असे. ज्या भाषेतल्या हुकमांनी आपले बालपण करपून टाकले, त्याच भाषेतल्या एका नाचऱ्या नटीवर ही पोरगी लुब्ध झाली. मोठ्या माणसांना हे विपरीत वाटेल. पण मुलांच्या मनात वैराला असा हिशेब नसतो. झगमगाट, वाद्यवृंद, पायांचा ठेका हे सारे तिला हवे होते, कारण तिच्या तळघरात त्यातले काहीच नव्हते.

१९५३ साली, म्हणजे स्टालिन वारला त्याच वर्षी, ती मॉस्कोच्या सरकारी चित्रपट-शिक्षणसंस्थेत दाखल झाली. सेर्गेई गेरासिमोव आणि त्यांच्या पत्नी तमारा मकारोवा हे तिचे गुरू. बोलण्यात खारकोवचा हेल होता, तो घासूनपुसून काढावा लागला. १९५६ साली तिला ‘सत्याचा मार्ग’ या चित्रपटात एक लहानसे काम मिळाले. गंमत पाहा, पडद्यावर तिच्या तोंडी जे पहिले वाक्य आले त्याचा आशय असा, की मी काही इथे गप्प बसायला आलेली नाही! लेखकाने लिहिलेले वाक्य ते; पण काही वाक्ये माणसाच्या मागे लागतात.

आता १९५६ हे साल जरा नीट लक्षात घ्या. त्या वर्षीच्या फेब्रुवारीत कम्युनिस्ट पक्षाच्या विसाव्या अधिवेशनात क्रुश्चेव्हने बंद दाराआड भाषण करून स्टालिनच्या अपराधांचा पाढा वाचला. गोठलेली नदी फुटावी तसे झाले. रशियन लोक त्या काळाला ‘बर्फ वितळण्याचे दिवस’ असेच म्हणतात. लोकांना हसायचे होते. दोनच वर्षांपूर्वी, १९५४ साली, आपल्या राज कपूरचा ‘आवारा’ तिकडे गेला आणि कोट्यवधी रशियनांनी तो डोक्यावर घेतला, त्याचे मर्मही यातच आहे. गाणे आणि मोकळे हसू यांची त्या लोकांना तहान लागली होती.

अशा वेळी मॉसफिल्म स्टुडिओचे प्रमुख इवान पीर्येव यांनी एल्दार रियाझानोव या अठ्ठावीस वर्षांच्या दिग्दर्शकाला एक संगीत-विनोदी चित्रपट करायला लावले. नायिकेच्या कामासाठी गुर्चेन्कोची चाचणी झाली आणि त्यात ती चक्क नापास झाली. दुसऱ्या मुलीला घेऊन कामही सुरू झाले. मग एके दिवशी स्टुडिओच्या बोळात पीर्येव यांना ही पोर दिसली. त्यांनी तिला हाताला धरून परत नेले, हिला नीट प्रकाशात उभी करा आणि पाहा म्हणून सांगितले. एवढ्यावर साऱ्या आयुष्याची दिशा ठरली.

चित्रपटाचे कथानक साधे आहे. एका संस्कृतिभवनात नववर्षाचा जलसा व्हायचा आहे. भवनाचा नवा प्रभारी संचालक ओगुर्त्सोव. रशियनमध्ये ओगुरेत्स म्हणजे काकडी. तेव्हा हे आपल्याकडचे ‘काकडे’च झाले, पण या काकड्यांच्या अंगी गारवा मुळीच नाही. इगोर इलिन्स्की या थोर नटाने ही भूमिका केली. या गृहस्थांना जलशात लांबलचक अहवाल वाचायचा आहे, विदूषकांचे विनोद सुधारायचे आहेत आणि मंगळावर जीवसृष्टी आहे की नाही यावर एक व्याख्यान ठेवायचे आहे. तरुण मंडळी गुर्चेन्कोच्या पुढारीपणाखाली नाना युक्त्या करून साहेबांचा एकेक बेत उधळून लावतात. त्या व्याख्यात्याला तर इतकी पाजतात, की त्याचे मंगळाचे तारे भलतीकडेच चमकू लागतात. मी स्वतः व्याख्याताच असल्यामुळे त्या बिचाऱ्याबद्दल मला थोडा कळवळा आहे. पण हसू आवरत नाही हेही खरे.

आता यात काय मोठे, असे वाटेल. पण हाताखालच्या माणसांनी वरिष्ठाची अशी टर उडवावी आणि सरकारी स्टुडिओने ती चित्रित करावी, हे चार वर्षांपूर्वी कोणाच्या स्वप्नातही आले नसते. डिसेंबरच्या अखेरीस चित्रपट लागला आणि सुमारे ४ कोटी ८६ लाख प्रेक्षकांनी तो पाहिला. त्या वर्षीच्या सोव्हिएत चित्रपटांत तो पहिला आला. एकवीस वर्षांची विद्यार्थिनी एका आठवड्यात साऱ्या देशाची लाडकी झाली. मुली तिच्यासारखा झगा शिवू लागल्या, तिच्यासारखी कमर आवळू लागल्या.

इथपर्यंत सगळे सुरळीत. आता पुढचा भाग ऐका.

१९५७ च्या जुलै-ऑगस्टमध्ये मॉस्कोत जागतिक युवक महोत्सव भरायचा होता. हजारो परदेशी तरुण-तरुणी येणार होते. गुर्चेन्कोने पुढे अनेक वर्षांनी सांगितले, की त्या सुमारास तिला मंत्र्यांच्या कचेरीत बोलावणे आले. तू सर्वांची आवडती आहेस, पाहुण्यांत सहज मिसळशील. तेव्हा कोण काय बोलतो ते गुप्तहेर खात्याला कळवीत जा, असे तिला सुचवण्यात आले. ती नाही म्हणाली. महोत्सवात गाईन, नाचेन. ते काम मात्र माझ्याने होणार नाही.

त्यानंतर थोड्याच अवधीत ‘कोम्सोमोल्स्काया प्राव्दा’ या तरुणांच्या मोठ्या वर्तमानपत्रात तिच्यावर एक बोचरा लेख आला. त्याच्या मथळ्यात ‘डावीकडे’ हा शब्द होता. रशियन बोलीत डावीकडे म्हणजे चोरून, हिशेबाबाहेर. डावीकडचा टॅप-डान्स, असा त्या मथळ्याचा अर्थ. सरकारी संस्थेला वगळून ही मुलगी ठिकठिकाणी कार्यक्रम करते, पाकिटातून पैसे घेते, तिचे डोके फिरले आहे, असा त्यातला सूर. मग इतर पत्रांनीही री ओढली.

इतिहासाच्या माणसाने इथे जपून बोलले पाहिजे. नियमाबाहेरचे कार्यक्रम ही काही हिची एकटीची करणी नव्हती. कलावंतांचे दर सरकारने ठरवलेले आणि तुटपुंजे. क्लबांतून, कारखान्यांतून मागणी भरपूर. तेव्हा हातावर काही ठेवून कलावंताला नेणे हा सर्रास चालणारा प्रकार होता. म्हणजे आरोपात थोडे तथ्य होते असे धरले, तरी प्रश्न उरतोच, की साऱ्या गावाने ओल्या केलेल्या अंगणात एकीचेच पाऊल का मोजले गेले? नकार आणि लेख यांच्यात कार्यकारणाचा धागा होता, अशी तिची स्वतःची खात्री होती.

यात एक गोष्ट मला फार लागते. लेख वर्तमानपत्रात छापून येतो, ग्रंथालयात बांधून ठेवला जातो आणि शंभर वर्षांनीही संशोधकाला सापडतो. नकार मात्र असा छापून येत नाही. एका बंद खोलीत एक मुलगी नाही म्हणते, दार लोटून बाहेर पडते, आणि दप्तरात त्या दोन अक्षरांची नोंद करण्यात कोणालाही रस नसतो. निंदेला कागद मिळतो. नकाराला फक्त माणसाची आठवण.

१९५८ साली तिचा ‘गिटारवाली मुलगी’ हा चित्रपट आला. त्याला पहिल्या चित्रपटाची सर आली नाही. त्यानंतर मोठी कामे येईनाशी झाली. इथे सोव्हिएत चित्रपटाची रीत ध्यानात घेतली पाहिजे. तिथे खाजगी निर्माता नव्हता. स्टुडिओ सरकारचा, पैसा सरकारचा, थिएटरे सरकारची. कोणते काम कोणाला द्यायचे ते स्टुडिओची कलासमिती ठरवी. अशा व्यवस्थेत बंदीचा हुकूम काढण्याची गरजच पडत नाही. चाचणी होते, सगळे छान म्हणतात, आणि पंधरा दिवसांनी कळते, की ते काम दुसऱ्या कोणाला दिले. कोणी शत्रू समोर दिसत नाही. भांडायचे तरी कोणाशी?

आणि प्रेक्षक? तोही हात झटकू शकत नाही. ज्यांनी तिला डोक्यावर घेतले, त्यांच्या डोळ्यांत ती कमर आणि ते हसूच भरले होते. ही पोर खारकोवच्या बाजारात काय पाहून आली आहे, हे त्या हसऱ्या चेहऱ्यामागे कोणी शोधलेच नाही. अपवाद व्लादिमीर वेंगेरोव या दिग्दर्शकाचा. त्याने ‘बाल्टिक आकाश’ या १९६० च्या चित्रपटात तिला वेढ्यातल्या लेनिनग्राडमधली मुलगी केले. पुढे १९६५ साली ‘कामगार वस्ती’मध्ये युद्धात आंधळ्या होऊन आलेल्या आणि दारूच्या आहारी गेलेल्या माणसाची बायको केले. जाणत्यांनी वाहवा केली. पण गाडी काही रुळावर आली नाही. मधली तीन वर्षे तिने मॉस्कोच्या ‘सोव्रेमेन्निक’ या नव्या दमाच्या नाट्यसंस्थेत काढली. दरम्यान लग्न झाले, १९५९ साली मुलगी झाली, लग्न मोडले. पोरीला वाढवायचे, आणि गावोगाव हिंडून तीच ती ‘पाच मिनिटे’ गायची. जे गाणे एकदा पंख होते ते आता पायातली बेडी झाले. कल्पना करा, तिशी उलटलेली बाई, मनात शंभर भूमिका, आणि लोक म्हणतात, ‘बाई, ते घड्याळाचे तेवढे म्हणा!’

अशी वर्षे गेली. दोन नाही, चार नाही. ‘कार्निव्हलची रात्र’ लागली तिथपासून सतरा.

१९७३ साली विक्तोर त्रेगुबोविच या लेनिनग्राडच्या दिग्दर्शकाने ‘जुन्या भिंती’ हा चित्रपट करायला घेतला. नायिका आन्ना गेओर्गियेव्ना ही एका कापडगिरणीची संचालिका. मध्यम वयाची, थकलेली, विधिनिषेध पाळणारी, हजारो बायकांच्या अडीअडचणी डोक्यावर घेऊन वावरणारी. हे काम त्याने गुर्चेन्कोला द्यायचे ठरवले. लोकांच्या भुवया वर गेल्या. गिटारवाली नाचरी बाई गिरणीची संचालिका कशी होणार? तिने केस साधे विंचरले, जाडाभरडा कोट चढवला, सुप्रसिद्ध कमर त्या कोटाखाली लपवली आणि आवाज खाली आणला. चित्रपट १९७४ साली लागला, तेव्हा लोकांना ओळख पटायला वेळ लागला. या कामासाठी १९७६ साली तिला रशियन प्रजासत्ताकाचे राज्य पारितोषिक मिळाले. पण लेक नटी होणार हे सगळ्यांत आधी सांगणारे मार्क गाव्रिलोविच मात्र १९७३ सालीच गेले होते. आपला शब्द असा दुसऱ्यांदा खरा झालेला त्यांना पाहता आला नाही.

बांध फुटला तो इथे. १९७६ साली अलेक्सेई गेर्मान या दिग्दर्शकाने कोन्स्तान्तिन सिमोनोव यांच्या कथेवरून ‘युद्धाविना वीस दिवस’ हा चित्रपट केला. आघाडीवरचा एक वार्ताहर वीस दिवसांच्या रजेवर दूर ताश्कंदला येतो. तिथे त्याला नाटक कंपनीत पोषाखांचे काम पाहणारी एक एकाकी बाई भेटते. वार्ताहर झाला होता युरी निकुलिन, म्हणजे सर्कशीतला नामांकित विदूषक. आणि ती बाई गुर्चेन्को. एक विदूषक आणि एक नाचणारी! दोघांनाही हसवणारे म्हणूनच देश ओळखत होता, आणि दोघांनीही युद्ध अंगावर काढले होते. निकुलिन तर लेनिनग्राडच्या आघाडीवर प्रत्यक्ष लढलेला. त्यांना त्या चित्रपटात अभिनय असा फारसा करावाच लागला नाही, असे पाहणाऱ्याला वाटते.

त्याच वर्षी ‘आई’ या दुसऱ्या एका चित्रपटात बर्फावरचे दृश्य करताना तिचा पाय वाईट रीतीने मोडला. चालता येईल की नाही अशी स्थिती. ती चालली तर खरीच, पण पुन्हा नाचलीही.

मग १९७८ साली निकिता मिखाल्कोव यांनी, आपल्या दुसऱ्या मोठ्या चित्रपटाचे काम ऋतू बदलण्यासाठी थांबले होते त्या मधल्या थोड्या आठवड्यांत, अलेक्सांद्र वोलोदिन यांच्या नाटकावरून ‘पाच संध्याकाळी’ हा चित्रपट केला. पन्नाशीच्या दशकाच्या अखेरीची गोष्ट. तमारा ही कारखान्यात फोरमनचे काम करणारी बाई. मेलेल्या बहिणीच्या मुलाला तिने वाढवले आहे. युद्धापूर्वी ज्याच्यावर जीव जडला होता तो इल्यिन अठरा वर्षांनी दारात उभा राहतो. ती त्याच्याशी अशी वागते, जणू गिरणीचा पंपच दुरुस्त करून घ्यायचा आहे! मुखवटा उतरायला पाच संध्याकाळी लागतात. सारा चित्रपट फिकट, रंगहीन. शेवटी मात्र हळूच रंग येतात. तो माणूस दमून झोपला आहे, आणि त्याच्यापाशी बसलेली तमारा स्वतःशीच पुटपुटते आहे. उद्याचे बेत, संसाराचे बेत; आणि मध्येच पुन्हा पुन्हा, की युद्ध तेवढे न होवो. ते दृश्य मी माझ्या वर्गात दाखवले तेव्हा पंखा फिरल्याचा आवाज ऐकू येत होता.

आता दूरचित्रवाणीविषयी थोडे सांगितले पाहिजे. सत्तरीच्या दशकात रशियात घरोघर संच आले आणि गुर्चेन्कोचे गाणेनाचणे, जे चित्रपटाने टाकून दिले होते, ते या नव्या यंत्राने उचलले. १९७४ चे ‘गवती टोपी’ हे दूरचित्रवाणीसाठी केलेले संगीत-प्रहसन आणि १९७८ चा, एव्हगेनी गिन्झबुर्ग यांनी खास तिच्यासाठी रचलेला ‘बेनिफिस’ कार्यक्रम. आपल्याकडे जुन्या नाटक मंडळ्या नटाच्या ‘बेनिफिट’चा प्रयोग लावीत, तोच हा शब्द. १९८० साली तिने दूरचित्रवाणीवर युद्धकाळातली गाणी म्हटली. त्यांत रणगर्जना नव्हती. मागे राहिलेल्या आई आणि लेकी, रिकामे अंगण आणि रस्त्याकडे लागलेले डोळे यांचा तो कार्यक्रम होता. खारकोवच्या तळघरातली ल्यूस्या तिथे पहिल्यांदा उघडपणे गायली, असे मी समजतो.

याच सुमारास तिने आपले बालपण लिहून काढले. ‘माझे प्रौढ बालपण’ या नावाने ते १९८२ साली पुस्तकरूपाने आले. वडिलांची ओबडधोबड रशियन-युक्रेनी मिश्र बोली तिने त्यात जशीच्या तशी ठेवली. जर्मनांच्या ताब्यात राहिलेल्या नागरिकांचे जिणे हा तिकडे अवघड जागेचा विषय होता. ताब्यात राहिलात, म्हणजे संशयितच! अशा वेळी जर्मनांपुढे गाऊन आपण डबा भरून आणला हे एका लाडक्या नटीने छापून सांगावे, याला धैर्य लागते. हा तिचा दुसरा नकार म्हणावा: गप्प बसण्याला नकार.

रियाझानोवलाही आपल्या जुन्या नायिकेची आठवण झाली. ‘दोघांसाठी स्टेशन’ हा त्याचा चित्रपट १९८३ साली कान महोत्सवाच्या स्पर्धेत होता. स्टेशनच्या उपाहारगृहातली एक फटकळ वाढपीण वेरा, आणि गाडी चुकलेला, तुरुंगाच्या वाटेवरचा एक पियानोवादक. शेवटी रजेवर सुटलेला तो कैदी वेराबरोबर बर्फातून धावतो आहे. हजेरीला वेळेवर पोचलो नाही तर शिक्षा वाढणार. पाय चालेनासे होतात तेव्हा तो गळ्यातली पेटी वाजवू लागतो, की आम्ही आलो आहोत, ऐका! वाचकहो, ती पेटी म्हणजे अकॉर्डियन, बायानचीच सख्खी बहीण. ते सूर ऐकताना गुर्चेन्कोला कोण आठवले असेल हे मी सांगायला नको. त्याच १९८३ साली तिला ‘सोव्हिएत संघाची लोककलावंत’ हा सर्वोच्च किताब मिळाला. ज्या राज्याने दार लोटले त्यानेच हार घातला.

ते राज्य १९९१ साली संपले. स्टुडिओ ओस पडले, पैशाचे मोल उडाले. हिने रंगभूमी गाठली, दूरचित्रवाणीवर जुनी गाणी नव्याने म्हटली. आपले झगे ती स्वतः शिवी, त्यांवर मणी आणि पिसे स्वतः जडवी. ती हौस कधी सुटली नाही. २००७ च्या नववर्षाला रियाझानोवच्या ‘कार्निव्हलची रात्र’च्या नव्या आवृत्तीत एकाहत्तर वर्षांची गुर्चेन्को पुन्हा दिसली. २००९ साली एका अंध तरुण पियानोवादकाच्या कथेवरचा ‘चित्रविचित्र सांज’ हा चित्रपट तिने सहदिग्दर्शनासह उभा केला. त्याचे संगीतही तिचेच. ३० मार्च २०११ रोजी मॉस्कोत तिचे निधन झाले. नोवोदेविची या मानाच्या दफनभूमीत तिला मूठमाती देण्यात आली.

आणि फेब्रुवारी २०२२ मध्ये तिच्या जन्मगावावर पुन्हा तोफगोळे पडू लागले. या खेपेला ते रशियाच्या फौजांचे होते. ज्या देशाच्या राजधानीत तिचे थडगे आहे त्याच देशाचे. खारकोवमधली माणसे पुन्हा तळघरांत आणि भुयारी रेल्वेच्या फलाटांवर मुलाबाळांसह झोपली. तमाराचे पुटपुटणे अशा वेळी आठवते आणि इतिहास शिकवणाऱ्या माणसाला आपल्या विषयाची लाज वाटते.

आता तो प्रश्न. मागच्या बाकावरची ती विद्यार्थिनी म्हणाली, ‘‘सर, तिने त्या दिवशी ‘हो’ म्हटले असते तर? सतरा वर्षे वाचली असती ना?’’

मी तेव्हा काहीतरी बोलून वेळ मारून नेली. घरी येऊन विचार केला. वाचली असती, हे उघड आहे. कामे मिळाली असती, लेख आला नसता, वडिलांच्या डोळ्यांदेखत लेक मोठी झाली असती. नकाराची किंमत लहान नव्हती, आणि ती तिने एकटीने भरली नाही. मुलीने भरली, आईबापांनी भरली. तेव्हा नकार दिला की शेवटी भलेच होते, असा सुभाषितवजा धडा मी मुलांना देणार नाही. पुष्कळांचे भले झाले नाही, आणि त्यांची नावेही आपल्याला ठाऊक नाहीत.

पण दुसरी बाजूही आहे. लोकांशी हसून खेळून त्यांचे बोलणे वर पोचवणे, हे ज्याला एकदा जमले त्याला पुढे माणसाच्या चेहऱ्याकडे सरळ पाहता येत नाही. आणि तमारा, वेरा, ताश्कंदची ती एकाकी बाई या सगळ्या जणींत पाहण्यासारखे जर काही असेल, तर ते म्हणजे समोरच्या माणसाकडे सरळ पाहणे. ते तिच्यापाशी शिल्लक राहिले होते, म्हणून अठ्ठेचाळिसाव्या वर्षाच्या उंबरठ्यावरही ती वाढपीण होऊन कोट्यवधी माणसांना आपली वाटली.

पुढच्या तासाला मी त्या मुलीला एवढेच म्हणालो, की बाई गं, आता नववर्षाच्या रात्रीचे ते गाणे पुन्हा एकदा ऐक, आणि या खेपेला कमरेकडे पाहू नकोस, डोळ्यांकडे पाहा. तिने ते ऐकले. काय दिसले ते मी विचारले नाही, आणि तिनेही सांगितले नाही.